टॉमी बँक्स आणि वीस पौंडांची वेसण

३ मे १९५८ रोजी लंडनच्या वेम्बली मैदानावर बोल्टन वाँडरर्सने मँचेस्टर युनायटेडला २-० असं हरवून एफए कप, म्हणजे इंग्लंडमधल्या फुटबॉल क्लबांची मानाची बाद फेरीची स्पर्धा, जिंकला. बोल्टनचे ते अकरा खेळाडू जमवायला क्लबला किती पैसे मोजावे लागले होते? सगळे मिळून ११० पौंड. खेळाडू पहिल्यांदा क्लबमध्ये दाखल झाला की त्याच्या हातावर १० पौंड ठेवायचे, असा नियमच होता. त्या अकरांपैकी एकालाही बोल्टनने दुसऱ्या क्लबकडून विकत घेतलेलं नव्हतं. अकरा गुणिले दहा, संपला हिशेब.

हा आकडा इंग्लंडमध्ये आजही कौतुकाने सांगतात. आसपासच्या गल्ल्यांमधली पोरं हेरून, घडवून कप जिंकायचा यात कौतुक करण्यासारखं आहेच. पण हा आकडा मला दुसऱ्याही कारणासाठी महत्त्वाचा वाटतो. त्या दिवशी वेम्बलीत जवळजवळ लाखभर माणसं तिकीट काढून आली होती, आणि ज्यांना बघायला ती आली त्यांचा पगार त्या मोसमात आठवड्याला जास्तीत जास्त १७ पौंड होता. क्लबने कितीही मनात आणलं तरी त्याहून एक पेनी जास्त द्यायला मनाई होती. एवढी गर्दी खेचणारी माणसं एवढ्या पगारात कशी राहिली, आणि शेवटी ही व्यवस्था मोडली कशी, हे समजून घ्यायचं असेल तर त्या संघातला तीन नंबरचा खेळाडू बघावा. त्याचं नाव टॉमी बँक्स.

टॉमीचा जन्म १० नोव्हेंबर १९२९ चा, बोल्टनला लागून असलेल्या फार्नवर्थ गावातला. लँकेशायरचा हा भाग म्हणजे दगडी कोळसा आणि कापूस. मुंबईच्या गिरण्यांमधली कितीतरी यंत्रं याच भागातल्या कारखान्यांतून आली होती, त्यामुळे गिरणगावाची ओळख असलेल्या वाचकाला हे गाव फार परकं वाटू नये. तिथेही भोंग्यावर दिवस सुरू व्हायचा, घरं एकमेकांना चिकटलेली असायची आणि शनिवारी दुपारी पाळी सुटली की माणसं थेट फुटबॉलच्या मैदानाकडे वळायची. टॉमीने कोवळ्या वयात खाणीत काम केलं. संघाचा सर्वांत मोठा गोलवीर नॅट लॉफ्टहाउस हाही युद्धाच्या काळात खाणीत उतरलेला. १९४७ मध्ये टॉमी बोल्टन वाँडरर्समध्ये आला आणि १९६१ पर्यंत तिथेच खेळला.

त्याची ख्याती एकाच गोष्टीसाठी होती, ती म्हणजे टॅकल. ती समजायची तर आधी त्या काळचा खेळ कसा मांडलेला असायचा ते बघायला हवं.

१९२५ मध्ये ऑफसाइडचा नियम बदलला, आणि त्यानंतर आर्सेनलच्या हर्बर्ट चॅपमनने रुळवलेली ‘डब्ल्यू-एम’ ही मांडणी हळूहळू सगळ्या इंग्लंडने उचलली. मागे तिघे बचावपटू. मधला प्रतिस्पर्ध्याच्या सेंटर फॉरवर्डला, म्हणजे मधल्या आक्रमकाला, धरणार, आणि दोन्ही बाजूंचे फुलबॅक समोरच्या विंगरला, म्हणजे कडेने चढाई करणाऱ्याला. डावा फुलबॅक तीन नंबरचा, त्याच्यासमोर उजवा विंगर सात नंबरचा. आज फुलबॅकच्या मदतीला मधल्या फळीतून कुणीतरी धावून येतं, दोघं मिळून विंगरला कोंडीत धरतात. तेव्हा अशी मदत सहसा मिळत नसे. दीड तास तीन नंबर आणि सात नंबर, दोघांचीच झुंज. सात नंबर तीनदा निसटला तर मॅच हातची जायची. प्रेक्षकही ही झुंज बघायलाच त्या बाजूला जागा धरायचे.

टॅकल म्हणजे समोरच्याच्या पायातला चेंडू काढून घेणं. तिच्या दोन मुख्य तऱ्हा. एक उभ्याने करायची: विंगर चेंडू पुढे ढकलतो त्या क्षणी फुलबॅक आपला पाय चेंडूच्या आड घट्ट रोवतो, घोटा ताठ ठेवतो, गुडघा किंचित वाकवतो आणि अंगाचा सगळा भार चेंडूवर आणतो. दोघांचे पाय चेंडूच्या दोन बाजूंना एकाच वेळी आदळतात, आणि ज्याचा तोल पक्का त्याच्याकडे चेंडू येतो. यात पाय अर्धवट टाकणारा हमखास जखमी होतो. म्हणून जुने फुलबॅक शिकवायचे की जायचं तर पुरतं जा, नाहीतर जाऊच नको. दुसरी घसरत जाऊन करायची: विंगर पुढे निघालाच तर बाजूने जमिनीवर घसरत पाय लांबवायचा आणि चेंडू टचलाइनबाहेर, म्हणजे मैदानाच्या कडेच्या रेषेबाहेर, उडवायचा. बोल्टनच्या चिखलात ही घसरण चांगली सात-आठ फूट जायची, आणि चेंडूबरोबर विंगरही बाहेर जायचा.

टॉमी बुटका, रुंद बांध्याचा, पोटऱ्या जाडजूड. दोन्ही तऱ्हा त्याच्या अंगवळणी पडलेल्या. त्यात बोल्टनच्या बर्नडेन पार्क मैदानाची एक गंमत होती. खेळायची जागा उंचावर, आणि टचलाइन ओलांडली की उतार, त्याखाली खडी-राखेचा पट्टा. टॉमीची टॅकल बसली की विंगर उतारावरून थेट त्या खडीत. खडीने कातडी सोलून निघायची, आणि ‘बोल्टनला जाऊन आलोय’ हे सांगायला तेवढी खूण पुरे व्हायची. उजव्या बाजूला रॉय हार्टल हा तसाच दणकट फुलबॅक. दोघांचा एक किस्सा त्या काळच्या खेळाडूंनी जन्मभर सांगितला. टॉमी एखाद्या विंगरला झोडपत असला की पलीकडून हार्टल ओरडायचा: तुझं झालं की जरा माझ्याकडेही पाठव! जिमी ग्रीव्ह्जसारखा चपळ गोलवीरही या जोडीच्या आठवणी रंगवून सांगायचा.

मग हा खेळ होता की दंडेली? आजच्या नियमांत बसवलं तर टॉमीला दर दोन-तीन मॅचना लाल कार्ड मिळालं असतं, यात शंका नाही. पण तेव्हा कार्डंच नव्हती. लाल-पिवळी कार्डं पहिल्यांदा दिसली ती १९७० च्या वर्ल्डकपमध्ये. त्याआधी पंच वहीत नाव लिहून घ्यायचे, फारच झालं तर बाहेर काढायचे, आणि बाहेर काढण्याचे प्रसंग विरळा. खांद्याला खांदा भिडवून माणसाला चेंडूवरून हटवणं सर्रास चालायचं. मागून केलेल्या टॅकलवर कडक कारवाई सुरू झाली ती १९९० च्या दशकात. माझ्या मते टॉमीला त्याच्या काळाच्या नियमांनीच तोलायला हवं. त्या मापाने तो कडक होता, कपटी नव्हता. चेंडू नसताना मारणारे, पंचाची पाठ वळली की कोपर घालणारे खेळाडू वेगळे. त्यांची आठवण कुणी प्रेमाने काढत नाही. टॉमीची मात्र ज्यांना त्याने खडीत लोळवलं त्यांनीही हसत काढली.

दुखापतीचं गणितही तेव्हा वेगळं होतं. इंग्लिश लीगमध्ये बदली खेळाडूची सोय झाली १९६५-६६ च्या मोसमात. तोपर्यंत ज्याचा पाय मोडेल त्याचा संघ दहा जणांत खेळणार. चालता येत असेल तर लंगडत का होईना, पण मैदानात राहायचं, असा रिवाज. याची सर्वांत मोठी किंमत बँक्स कुटुंबानेच मोजली.

२ मे १९५३, पुन्हा वेम्बली, पुन्हा एफए कपची फायनल. बोल्टनसमोर ब्लॅकपूल. बोल्टनचा डावा फुलबॅक तेव्हा टॉमी नव्हता, त्याचा मोठा भाऊ राल्फ होता, आणि राल्फसमोर साक्षात स्टॅन्ली मॅथ्यूज. वय ३८, इंग्लंडचा सर्वांत लाडका विंगर, आणि हा कप त्याने कधीच जिंकलेला नव्हता. सगळा देश त्याच्या बाजूने. लॉफ्टहाउसने दुसऱ्याच मिनिटाला गोल केला. पुढे बोल्टनचा एरिक बेल मांडीचा स्नायू दुखावून लंगडू लागला. बदली खेळाडू नाही, त्यामुळे त्याला एका कडेला उभं करून बाकीच्यांनी जागा बदलल्या; लंगडणाऱ्या बेलने तशातच हेडरने गोलही केला आणि बोल्टन ३-१ ने पुढे गेलं. शेवटची वीस-बावीस मिनिटं उरलेली. तेव्हा राल्फच्या पायात गोळे यायला लागले. मॅथ्यूजला दीड तास धरून ठेवायचं म्हणजे दर वेळी थांबायचं, वळायचं, पुन्हा झेपावायचं. पोटऱ्यांनी कधीतरी दगा द्यायचाच. पुढे लंगडा बेल, मागे पाय आखडलेला राल्फ, आणि बोल्टनची सगळी डावी बाजू उघडी पडली. ब्लॅकपूलने एकामागून एक चेंडू मॅथ्यूजकडे द्यायला सुरुवात केली. निकाल ४-३, ब्लॅकपूल. गोलांची हॅटट्रिक खरं तर स्टॅन मॉर्टेन्सनची, पण त्या मॅचला लोक आजही ‘मॅथ्यूज फायनल’ म्हणतात.

राल्फचं नाव त्या पराभवाला कायमचं चिकटलं, आणि हा त्याच्यावर अन्याय आहे असं मला वाटतं. ज्या संघाचे दोन खेळाडू उभ्याउभ्या निकामी झाले होते, त्याने जवळजवळ शेवटच्या मिनिटापर्यंत आघाडी टिकवली हेच विशेष. राल्फ लवकरच बोल्टन सोडून गेला आणि डाव्या बाजूची जागा टॉमीकडे आली. मॅथ्यूजशी त्याची गाठ पुढे वर्षानुवर्षं पडत राहिली.

१९५८ ची फायनल टॉमीने जिंकली, पण ती मॅच आनंदाने आठवणारे लोक बोल्टनबाहेर कमीच. तीन महिन्यांपूर्वी, ६ फेब्रुवारीला म्युनिकच्या धावपट्टीवर मँचेस्टर युनायटेडचं विमान कोसळलं होतं. आठ खेळाडू गेले. उरलेले आणि गोळा केलेले मिळून युनायटेड फायनलला पोहोचलं, तेव्हा अख्ख्या इंग्लंडची इच्छा त्यांनी जिंकावं अशीच. लॉफ्टहाउसने पहिला गोल केला तो निर्विवाद. दुसरा मात्र आजही वादाचा. युनायटेडचा गोलरक्षक हॅरी ग्रेग, ज्याने म्युनिकला जळत्या विमानात परत शिरून माणसं बाहेर काढली होती, त्याने उंच उडालेला चेंडू पकडला आणि लॉफ्टहाउसने खांद्याने त्याला चेंडूसकट जाळ्यात ढकललं. पंचाने गोल दिला. तेव्हाच्या नियमात चेंडू हातात असलेल्या गोलरक्षकाला खांदा मारायला मुभा होती. प्रश्न एवढाच की खांदा रास्त होता की पाठीत बसला. लॉफ्टहाउसने स्वतःच पुढे मान्य केलं की तो फाउल द्यायला हवा होता.

म्युनिकच्या त्याच अपघाताने टॉमीला इंग्लंडच्या संघातही आणलं. इंग्लंडचा कायमचा डावा फुलबॅक रॉजर बर्न त्या विमानात होता. त्याच्या जागी फुलहॅमच्या जिम लँग्लीला घेतलं, पण मे महिन्यात बेलग्रेडला युगोस्लाव्हियाने इंग्लंडचा ५-० असा धुव्वा उडवला. आठवड्याभराने, १८ मे रोजी, मॉस्कोत सोव्हिएत संघाविरुद्ध टॉमी पहिल्यांदा इंग्लंडकडून उतरला. मॅच १-१. तिथून थेट स्वीडनचा वर्ल्डकप, आणि तिथे इंग्लंडच्या चारही मॅचमध्ये तो खेळला. सोव्हिएत संघाशी २-२, ऑस्ट्रियाशी २-२, बाद फेरीसाठीच्या जादा मॅचमध्ये सोव्हिएत संघाकडून ०-१. आणि मधे ११ जूनला गोथेनबर्गला ब्राझीलशी ०-०. वर्ल्डकपच्या इतिहासात एकही गोल न झालेली ही पहिलीच मॅच. ब्राझील पुढे जगज्जेता झाला, आणि त्या सबंध स्पर्धेत त्याला गोल करू न देणारा संघ एकच, इंग्लंड. पेले आणि गारिंचा त्या दिवशी खेळले नव्हते, हे खरं. तरी दिदी आणि वावाच्या संघाला दीड तास अडवणं सोपं नव्हतं. इंग्लंडकडून टॉमी एकंदर सहा मॅच खेळला. शेवटची त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, बेलफास्टला.

आता पैशाकडे येऊ. इथेच लोकांचा गोंधळ होतो, कारण खेळाडूंना जखडणाऱ्या साखळ्या एक नाही, दोन होत्या.

पहिली म्हणजे कमाल वेतन मर्यादा. १९०१ मध्ये लीगने, म्हणजे क्लबांच्या स्पर्धा चालवणाऱ्या त्यांच्याच संघटनेने, ठरवलं की कुठल्याही खेळाडूला आठवड्याला ४ पौंडांपेक्षा जास्त द्यायचे नाहीत. कारण असं सांगितलं की मोठ्या शहरांचे श्रीमंत क्लब पैशाच्या जोरावर सगळे चांगले खेळाडू पळवतील आणि छोट्या गावांचे क्लब मरतील. युक्तिवाद खोटा नव्हता. त्याकडे पुढे पुन्हा येतो. मर्यादा अधूनमधून वाढत गेली: १९२२ मध्ये ८ पौंड, १९४७ मध्ये १२, १९५८ मध्ये, त्या फायनलनंतर, २०. उन्हाळ्यात मॅच नसत, तेव्हा याहून कमी. आणि ही ‘जास्तीत जास्त’ रक्कम होती; पुष्कळ खेळाडूंना तेवढीही मिळत नसे. १९२२ मध्ये ८ पौंड म्हणजे कारखान्यातल्या कुशल कामगाराच्या कितीतरी पुढे. १९५८ मध्ये २० पौंड म्हणजे त्याच्यापेक्षा थोडेसे जास्त. कामगाराचा पगार चढत गेला, खेळाडूचा दाबून ठेवला. त्याच काळात, १९४८-४९ च्या मोसमात, लीगच्या मॅचना ४ कोटींवर प्रेक्षक आले होते. दारावर जमा होणारा पैसा कुठेतरी जात होता, पण तो टॉमीच्या पाकिटात येत नव्हता.

दुसरी साखळी जास्त जाचक. खेळाडूचा करार एका वर्षाचा असायचा, उन्हाळ्यात संपायचा. करार संपला म्हणजे माणूस मोकळा, असं कुणालाही वाटेल. पण लीगमध्ये खेळायला नोंदणी लागायची आणि ती नोंदणी क्लबच्या ताब्यात. शाळेने मुलाला शिकवायचंही नाही आणि दाखलाही द्यायचा नाही, म्हणजे दुसरी शाळा घेणार नाही, तसा हा प्रकार. दर मोसमाच्या शेवटी क्लब दोन याद्या काढायचा: कुणाला ठेवून घेतोय आणि कुणाला विकायला काढलंय. ‘ठेवून घेतलेल्या’ खेळाडूने नव्या करारावर सही केली नाही तर त्याचा पगार बंद, पण नोंदणी क्लबकडेच. इंग्लंडच्या लीगमध्ये त्याला दुसरीकडे कुठेही खेळता येणार नाही. आणि दुसऱ्या क्लबने त्याला विकत घ्यायचं ठरवलंच, तर हजारो पौंडांचा व्यवहार दोन क्लबांमध्ये व्हायचा. खेळाडूचा वाटा म्हणजे तेच १० पौंड.

पहिली साखळी एकटी असती तर खेळाडूने निदान बरा क्लब निवडला असता. दुसरी एकटी असती तर क्लबने निदान पैसे देऊन त्याला खूश ठेवलं असतं. दोन्ही मिळून माणूस पुरता बांधला जायचा.

काहींनी धडपड केली. १९५० मध्ये स्टोकचा नील फ्रँकलिन, इंग्लंडचा त्या वेळचा सर्वोत्तम सेंटर हाफ (मधला बचावपटू), कोलंबियातल्या बोगोटाच्या क्लबकडे गेला. काही आठवड्यांत परत आला तर बंदी घातली गेली आणि इंग्लंडकडून पुन्हा कधी खेळता आलं नाही. १९५२ मध्ये प्रेस्टनच्या टॉम फिनीला इटलीतल्या पालेर्मोने १०,००० पौंड, महिन्याला १३० पौंड, राहायला बंगला आणि गाडी देऊ केली. प्रेस्टनने नाही म्हटलं आणि विषय संपला. फिनी इंग्लंडच्या इतिहासातल्या मोठ्या खेळाडूंपैकी एक, आणि तो फुटबॉलबरोबर नळजोडणीचा धंदा करून घर चालवत होता. १९५७ मध्ये लीड्सने वेल्सच्या जॉन चार्ल्सला ६५,००० पौंडांना युव्हेंटसला विकलं, तेव्हा बाकीच्यांना पहिल्यांदा लख्ख कळलं की आपली बाजारातली किंमत काय आहे.

त्या सुमारास खेळाडूंच्या संघटनेचा अध्यक्ष झाला जिमी हिल. फुलहॅमचा खेळाडू, दाढीवाला, बोलण्यात पटाईत. सोबत सचिव क्लिफ लॉइड, शांत आणि कायद्याचा पक्का. ही संघटना १९०७ मध्ये मँचेस्टरलाच जन्मली होती, पण पन्नास वर्षांत तिला संपाची धमकी टोकाला नेता आली नव्हती. १९६० च्या हिवाळ्यात हिलने देशात ठिकठिकाणी खेळाडूंच्या सभा घेतल्या. प्रश्न एकच: मर्यादा उठवली नाही तर संप करायचा का?

उत्तरेकडच्या खेळाडूंची सभा मँचेस्टरला झाली, आणि तिथे वारं फिरण्याची भीती होती. उत्तरेत क्लब छोट्या कामगार गावांचे, खेळाडूंचे भाऊ-बाप गिरणीत नाहीतर खाणीत. सभेत एक तरुण खेळाडू उभा राहिला. खालच्या डिव्हिजनमध्ये खेळणारा. तो म्हणाला, माझे वडील खाणीत आठवडाभर राबतात आणि त्यांना मला मिळतं त्यापेक्षा कमी मिळतं. आपल्याला मिळतं ते पुरेसं आहे, मी संपाच्या विरोधात आहे. हे बोलणं प्रामाणिक होतं आणि म्हणूनच जड होतं. सभागृहातल्या जवळपास प्रत्येकाच्या घरात तसा एक बाप होता. हिल हा लंडनचा माणूस. त्याने उत्तर दिलं असतं तर ते पोचलं नसतं.

उठला टॉमी बँक्स. त्याचे नेमके शब्द सांगणाऱ्यागणिक थोडे बदलतात, पण गाभा सगळीकडे सारखा आहे. आपल्या ठेठ बोल्टनी बोलीत तो म्हणाला की, वडिलांना सांग, खाण काय असते ते मला ठाऊक आहे, मी स्वतः खाली उतरलो आहे. पण तुझे वडील कोळसा काढतात तेव्हा ते बघायला तीस हजार माणसं पैसे भरून येत नाहीत. शनिवारी मात्र हे मॅथ्यूज मला कसे नाचवतात आणि मी त्यांना कसा थांबवतो, ते बघायला येतात. असं म्हणून त्याने तिथेच बसलेल्या मॅथ्यूजकडे बोट दाखवलं.

सभागृह हसलं, आणि त्यानंतरच्या मतदानात संपाला जबरदस्त पाठिंबा मिळाला. हिल पुढे आयुष्यभर हा प्रसंग सांगत राहिला.

या बोलण्याला नुसता हजरजबाबीपणा म्हणून सोडून देऊ नये. तरुण खेळाडू कष्टांची तुलना करत होता: कुणाचं काम जास्त कठीण? त्या तुलनेत खेळाडू हरणारच, कारण खाणकामाहून कठीण काम शोधून सापडायचं नाही. टॉमीने ती तुलना मुळातच बाजूला सारली. त्याने विचारलं, दारावर पैसा कुणामुळे जमतो आणि तो कुणाकडे जातो? खाणकामगाराला कमी मिळतं म्हणून खेळाडूने कमी घ्यावं, यातून खाणकामगाराला एक पेनीही जास्त मिळत नाही. पैसा संचालकांकडेच राहतो. हे सांगायला तिथे खाणीत राबलेला माणूसच हवा होता. त्यातही तो असा हवा होता की ज्याच्यावर पैशाला हपापलेला, नाजूक तारा म्हणून कुणी बोट ठेवू शकणार नाही. आणि मॅथ्यूजचं नाव घेऊन त्याने आणखी एक गोष्ट साधली: मॅथ्यूजला थांबवणारा नसेल तर मॅथ्यूजलाही कुणी बघायला येणार नाही, त्यामुळे हा लढा फक्त बड्या नावांचा राहिला नाही.

संपाची तारीख ठरली २१ जानेवारी १९६१. तीन दिवस आधी, १८ जानेवारीला, क्लबांनी माघार घेतली आणि साठ वर्षांची मर्यादा रद्द झाली. फुलहॅमने इंग्लंडचा कर्णधार जॉनी हेन्झ याला आठवड्याला १०० पौंड देऊ केले. एका झटक्यात पाचपट.

दुसरी साखळी मात्र क्लबांनी सोडली नाही. तिच्यावर घाव घातला न्यूकासलच्या जॉर्ज ईस्टहॅमने. १९६० मध्ये त्याने नव्या करारावर सही करायला नकार दिला, न्यूकासलने त्याला ‘ठेवून घेतलं’, आणि तो फुटबॉल सोडून दक्षिणेत जाऊन बुचाचा माल विकू लागला. अखेर आर्सेनलने ४७,५०० पौंडांना त्याला घेतलं, तरी संघटनेच्या पाठबळावर त्याने खटला चालू ठेवला. ४ जुलै १९६३ रोजी न्यायमूर्ती विल्बरफोर्स यांनी निकाल दिला की करार संपलेल्या माणसाला असं अडकवून ठेवणं म्हणजे त्याच्या पोटापाण्याच्या हक्कावर अवाजवी बंधन आहे. करार संपल्यावरही ट्रान्सफरचे पैसे मागण्याची प्रथा त्यानंतरही चालू राहिली, ती युरोपीय न्यायालयाच्या १९९५ च्या बोस्मान निकालापर्यंत.

लीगने १९०१ मध्ये दिलेलं कारण खोटं नव्हतं, असं वर म्हटलं. मर्यादा उठल्यावर ते खरंच घडलं. १९६० मध्ये चॅम्पियन होतं बर्नली, ८० हजारांच्या आसपास वस्तीचं गाव. बोल्टन १९५८-५९ मध्ये लीगमध्ये चौथं आलं होतं. प्रेस्टन १९६१ मध्ये पहिल्या, म्हणजे सर्वांत वरच्या, डिव्हिजनमधून घसरलं, बोल्टन १९६४ मध्ये, ब्लॅकपूल १९६७ मध्ये. गिरण्याही त्याच सुमारास बंद पडत होत्या, त्यामुळे सगळा दोष पगारावर टाकता येत नाही. पण गावातल्या पोराला गावातच धरून ठेवणारी भिंत पडली, हे नक्की. तरीही मला टॉमीचंच पटतं. छोटे क्लब जगवायचे तर श्रीमंत क्लबांच्या उत्पन्नातून जगवता आले असते. तो भार खेळाडूंच्या पगारातून साठ वर्षं वसूल करण्याचा अधिकार कुणालाच नव्हता.

टॉमीला या विजयातून जवळजवळ काहीच मिळालं नाही. मर्यादा उठली तेव्हा तो एकतिशीत होता, आणि त्याच वर्षी त्याने बोल्टन सोडलं. पुढे लीगबाहेरच्या ऑल्ट्रिंगहॅम आणि वेल्समधल्या बँगर सिटी या क्लबांकडून खेळला, आणि पोटासाठी बांधकामावर खांद्यावरून विटा वाहण्याचं काम धरलं. बोल्टन-फार्नवर्थ सोडून तो फार लांब कधी गेला नाही. जून २०२४ मध्ये, वयाच्या ९४ व्या वर्षी, टॉमी बँक्सचं निधन झालं.